कार्डावरची गुलाबी सुरंगी

१९ मार्च २०२५, बुधवार. लिफ्ट सकाळी बंद, सव्वाअकराला सुरू. कामवाली आली नाही. भांडी मी घासली, दर्शनाने पुसून लावली. अर्धा किलो पावटे सोलले. रविवारच्या बारशासाठी रुचिराने मोबाइलवरून नाव शोधलं. नाव सुरंगी. दुपारी झोप लागली नाही.

सुलक्षणाबाईंच्या मानाने ही बरीच बडबड झाली. त्या तेरा वर्षांच्या असताना अंधेरीच्या कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर बेनेडिक्टांनी त्यांना पहिली वही दिली आणि बजावलं, काय घडलं ते लिही, काय वाटलं ते देवाला सांग. देवाला त्यांनी फारसं काही सांगितलं नाही. वह्या मात्र साठीपार गेल्या. आता त्या सत्त्याहत्तर वर्षांच्या होत्या आणि पासष्टावी वही चालू होती. झोप लागली की नाही, असल्या गोष्टी त्या वह्यांत सहसा येत नसत.

घडलं होतं ते असं. त्यांच्या नातवाला, अनिरुद्धला, मुलगी होऊन अठरा दिवस झाले होते आणि अठराही दिवस त्या चौदाव्या मजल्यावरच्या घरात नाव शोधणं चाललं होतं. अनिरुद्धची बायको रुचिरा जाहिरातींच्या ऑफिसात होती, त्यामुळे तिच्या अटी पाठ होत्या. नाव फुलावरून हवं. दुर्मीळ हवं. तीन अक्षरांच्या वर नको. परदेशात म्हणता यायला हवं. शाळेत, नुसत्या वर्गात नव्हे, अख्ख्या शाळेत दुसरं कुणी नको. सुलक्षणाबाई पाळण्याकडे बघत आणि त्यांना प्रश्न पडे, घरात मुलगी जन्मली आहे की साबणाची नवी वडी बाजारात यायची आहे?

बुधवारी दुपारी रुचिरा सोफ्यावरून ओरडली, "सापडलं! सुरंगी! आजी, किती क्यूट आहे ना?"

सुलक्षणाबाईंच्या हातातला पावटा निसटून सोफ्याखाली गेला. तो काढायला त्या वाकल्या. एका पावट्यासाठी माणूस वाकतं त्यापेक्षा जास्त वेळ वाकून राहिल्या.

"अर्थ काय गं?" दर्शनाने, त्यांच्या सुनेने, स्वयंपाकघरातून विचारलं.

"थांबा हं मम्मी, वाचते. 'मूळ संस्कृत. स्वर्गातल्या अप्सरा केसांत माळत ते गुलाबी फूल. सात वर्षांतून एकदा फुलते. या नावाच्या मुली शांत, आज्ञाधारक आणि भाग्यवान असतात.' शुभांक सात!"

"छान आहे. पण आपल्यात कुणाचं नाही ना? गेलेल्या माणसाचं नाव असेल तर चालतं. जिवंत माणसाचं बाळाला ठेवत नाहीत. एका घरात एका नावाच्या दोघी झाल्या की मोठीचं आयुष्य घटतं."

"कुणाचं असणार मम्मी? दुर्मीळ लिहिलंय."

"आई, तुमच्या माहितीत कुणी आहे का?"

सुलक्षणाबाई पावटा घेऊन उठल्या. "या घरात सुरंगी नावाची कुणी नाही," त्या म्हणाल्या.

हे खरं होतं. तशी व्यवस्था त्यांच्या सासूने, शांताबाईंनी, ११ मे १९६९ रोजीच करून ठेवली होती.

त्या दिवशीची नोंद वहीत आहे. लग्न वेळेवर लागलं. जेवण बरं होतं, कढी आंबट. संध्याकाळी ताटात तांदूळ पसरून आणले आणि नवऱ्याला, राजारामला, त्यात अंगठीने बायकोचं नवं नाव लिहायला सांगितलं. माहेरचं आडनाव जाणार हे नव्या मुलीला ठाऊक होतं. नावही जाणार, हे तिला ताटासमोर कळलं. "माझ्या नावाला काय झालं?" तिने विचारलं. शांताबाईंनी जाऊबाईंकडे बघत उत्तर दिलं, "ह्यां नाव आमच्या घराक शोभणा नाय. बाजारात फुलां घेऊन बसतत त्या बायलांचां ह्यां नाव." राजारामने मान खाली घातली आणि 'सुलक्षणा' लिहिलं. शेवटच्या अक्षराला तांदूळ पुरले नाहीत, म्हणून कुणीतरी आणखी एक मूठ टाकली.

शांताबाई स्वतः सुनेसारख्याच वेंगुर्ल्याच्या. त्यांचा नवरा गिरणीत जॉबर होता, मुलगा पोस्टात चिकटला होता, आणि तेवढ्या भांडवलावर त्यांना फुलवाल्या बायका खालच्या वाटू लागल्या होत्या. सुनेने सासूची बावीस वर्षं सेवा केली, शेवटची दोन अंथरुणावरची. पण 'सासूबाई थोर होत्या' असं वाक्य पासष्ट वह्यांत शोधून सापडणार नाही.

नाव गेलं ते इतकं बिनबोभाट गेलं की पुढे कुणाला त्याची आठवणही उरली नाही. एमआयडीसीतल्या कंपनीत त्या एकतीस वर्षं स्टेनो होत्या. तिथे मिसेस सुलक्षणा. रेशन कार्डावर, पेन्शनच्या कागदावर, आधारवर, राजारामच्या मृत्यूच्या दाखल्यावर पत्नी म्हणून, सगळीकडे सुलक्षणा. मुलगा चंद्रप्रकाश. त्याला एकदा बँकेच्या फॉर्मसाठी आईचं माहेरचं नाव हवं होतं. आईने आडनाव सांगितलं, त्याने लिहिलं आणि फॉर्म पुढे पाठवला. आडनावाच्या अलीकडे काही असेल, असं त्याच्या मनात आलं नाही. तो कुठल्याच गोष्टीत फार पुढचं किंवा अलीकडचं विचारणारा नव्हता.

जुन्या नावाने हाक मारणारा एकच माणूस राहिला होता, वाकोल्याचा भाऊ, नाना. दर दिवाळीला त्याचा फोन येई, "सुरंगे, फराळ झालो काय गो?" नाना नऊ वर्षांपूर्वी गेला. त्यानंतर तो शब्द कुणाच्या तोंडून निघालाच नव्हता. आणि आता रुचिराच्या तोंडून निघाला होता, गुलाबी होऊन, शुभांकासकट.

सुलक्षणाबाईंपुढचा पेच अगदी साधा होता. बोललं तर दर्शना नाव रद्द करणार. गप्प बसलं तर रविवारपासून या घरात दिवसातून पन्नास वेळा ती हाक ऐकू येणार. सुरंगी, दूध पी. सुरंगी, चपला घाल. सुरंगी, आजीला त्रास देऊ नको. सत्त्याहत्तराव्या वर्षी आपल्याला एवढी हाव सुटावी, याची त्यांना किळस आली. तरी त्या गप्प बसल्या.

शुक्रवारी कार्डं आली. साठ. जाड, चकचकीत, वर गुलाबी फुलाचं चित्र. ते कमळही नव्हतं आणि गुलाबही नव्हता, लग्नाच्या केकवर असतं तसलं काहीतरी होतं. खाली 'अर्थ आणि उगम' अशा मथळ्याखाली अप्सरा, सात वर्षं, आज्ञाधारक, सगळं जसंच्या तसं. सुलक्षणाबाईंनी चष्मा लावून कार्ड दोनदा वाचलं आणि दोन बोटांत धरून परत ठेवलं, झुरळ धरावं तसं.

शनिवारी कांदिवलीहून तेजल आली. अनिरुद्धची थोरली बहीण, म्हणजे बाळाची आत्या. कानात नाव सांगण्याचा मान तिचा. घरात सुलक्षणाबाईंना सहन होणारं माणूस ते एवढंच.

"आजी, तू नावाबद्दल काहीच बोलली नाहीस म्हणे."

"मला विचारलं कुणी?"

"मी विचारतेय."

"नाव चांगलं आहे."

"तू 'चांगलं' म्हणालीस? ताप-बिप आहे का तुला?" तेजलने खरंच कपाळाला हात लावला. "आणि मग कार्डाकडे अशी का बघतेस?"

"कार्ड गाढवांनी लिहिलंय. तू उद्या बाळाच्या कानात नाव सांग आणि मोकळी हो. हे मोठ्याने वाचू नकोस. एवढं माझं ऐक."

"रुचिराने माइक आणलाय आजी, भाड्याने. वाचायला लावणारच ती."

तेजलचं खरं ठरलं. रविवारी संध्याकाळी हॉलमध्ये चाळीसेक माणसं कोंबली होती, पाळण्याला मोगऱ्याच्या माळा होत्या आणि तीन खोल्यांच्या घरात माइक लागला होता, जणू पाहुणे कुर्ल्यापर्यंत बसले होते. बाळाला पाळण्याखालून-वरून फिरवून झालं. तेजल कानाशी वाकणार तेवढ्यात रुचिराने कार्ड तिच्या हातात कोंबलं. "आधी अर्थ, दीदी. मग नाव."

तेजलने आजीकडे एकदा पाहिलं आणि वाचायला घेतलं.

सुलक्षणाबाई भिंतीलगतच्या खुर्चीवर बसल्या होत्या. 'मूळ संस्कृत' त्यांनी गिळलं. 'गुलाबी' गिळलं. 'सात वर्षांतून एकदा'ला पदराचं टोक मुठीत धरलं. 'आज्ञाधारक'ला डोळे मिटले. कार्ड संपलं, टाळ्या झाल्या. संपलं होतं, खरंच संपलं होतं. पण खालच्या मजल्यावरच्या बाईंना ज्ञानाची हौस. त्यांनी विचारलं, "अय्या, हे झाड बघायला मिळतं का हो कुठे?"

"नाही हो काकू," रुचिरा माइकमध्ये म्हणाली, "असं झाड आता कुठे नाहीच. ते फक्त पुराणात आहे."

"आहे," सुलक्षणाबाई म्हणाल्या.

त्यांना माइक लागला नाही.

"वेंगुर्ल्याच्या बाजूला आहे. दर घरामागे दोन-चार झाडं असायची. फूल गुलाबी नाही, पांढरं असतं, मधे पिवळं. सात वर्षांनी नाही, दरवर्षी फुलतं, फेब्रुवारी ते एप्रिल. आता या आठवड्यातसुद्धा फुललेलं असेल. देठाला लटकत नाही, थेट फांदीच्या लाकडातून फुटतं, फांदी दिसेनाशी होईपर्यंत. कळ्या सकाळी काढाव्या लागतात. उमलल्या की वळेसर, म्हणजे गजरे, करायला उपयोगी नाहीत. माणसं झाडावर चढतात, मधमाश्यांच्या घोंगाटात बसून खुडतात, आणि पडली तर हातपाय मोडून घेतात. अप्सरा कुणी चढलेली ऐकिवात नाही. फूल वाळलं तरी वास जात नाही. पेटीत ठेवलं तर पुढच्या वर्षीपर्यंत राहतो. आज्ञाधारक असण्याचा त्याच्याशी काय संबंध, हे ज्याने लिहिलं त्यालाच विचारा."

"तुम्हाला एवढं कसं माहीत, आजी?" रुचिराने विचारलं.

इथे थांबता आलं असतं. पण पासष्ट वह्यांत एकही नोंद अर्धी सोडलेली नव्हती.

"माझी आई वळेसर ओवत बसली होती तेव्हा तिला कळा आल्या. मी झाले तेव्हा आजोबा झाडावरच होते. मुलगी झाली असं खालून ओरडून सांगितलं, त्यांनी वरूनच नाव सांगितलं. सुरंगी माझं नाव आहे. या घरात आले तेव्हा काढून घेतलं."

माइक कुणीतरी बंद केला, त्याचा खरखराट झाला.

"तेजल, थांब!" दर्शना पाळण्यावर झडप घालावी तशी आली. "कानात सांगू नको! सांगितलं नाहीस ना?"

"नाही अजून. पण सांगते ना, काय बिघडलं?"

"आई जिवंत आहेत!"

"सत्त्याहत्तरची आहे ती. आयुष्य घटायचं म्हटलं तरी घटून घटून किती घटणार?"

"तेजल, जीभ आवर."

"दर्शना, मला मरायची भीती नाही," सुलक्षणाबाई म्हणाल्या. "ठेवा."

"मला आहे ना भीती!" दर्शनाचा आवाज रडवेला झाला होता. "उद्या तुम्हाला काही झालं तर सगळे मला बोलतील. तुम्ही नसाल ऐकायला. मला ऐकावं लागेल."

बावीस दिवसांत त्या घरात बोललं गेलेलं हे पहिलं खरं वाक्य होतं.  सुलक्षणाबाईंनी चष्मा काढून पुसला.

रुचिरा साठ कार्डं छातीशी धरून रडत होती. अनिरुद्धने मोबाइल उघडला. त्याच्या आयुष्यातले सगळे निर्णय तो तिथूनच घेई. यादीतलं पुढचं नाव त्याने वाचलं, मायरा. कशावरून, कुठलं, कुणी विचारलं नाही. फुलाची अट कुणाला आठवली नाही. खालच्या मजल्यावरच्या बाई एवढंच म्हणाल्या की बी विंगमध्ये दोन मायरा आहेत, पण स्वभावाने गोड आहेत. तेजल वाकली, बाळाच्या कानात ते नाव सांगितलं, बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घातले, आणि पाळण्यातली मुलगी, तिला कुणी सुरंगी म्हणावं की मायरा याच्याशी काही देणंघेणं नसल्यासारखी, झोपून राहिली.

आठ वाजेपर्यंत पाहुणे गेले. तेजलने कार्डांचा गठ्ठा सुक्या कचऱ्याच्या डब्यात टाकला. सुलक्षणाबाई खिडकीशी बसल्या होत्या. चार शब्द गिळता आले असते तर पन्नास हाका मिळाल्या असत्या. पण एक खोटं कार्ड त्यांच्याच्याने ऐकवलं नाही. स्वतःला त्या मूर्ख म्हणून मोकळ्या झाल्या होत्या.

स्वयंपाकघरातून हाक आली, "सुरंगी आजी, चहा झाला."

त्या उठल्या नाहीत. छप्पन्न वर्षांत पायांची सवय गेली होती. शिवाय ही हाक आपल्याला नसेल, बाळाला असेल, असं क्षणभर वाटलं, मग बाळ मायरा झाल्याचं आठवलं.

"सुरंगे! थंड होतोय गो!"

हे 'गो' तेजलने कुठून उचललं कुणास ठाऊक. नानाच्या फोनवरून, लहानपणी, असेल. दर्शना ओट्याशी घुगऱ्या डब्यात भरत होती. तिने मुलीकडे दटावून पाहिलं, मग सासूकडे पाहिलं, आणि कप बशीत ठेवला. सुलक्षणाबाई उठल्या. चहात साखर कमी आहे, असं त्यांनी पहिल्या घोटालाच सांगितलं.

मग वही काढली.

२३ मार्च २०२५, रविवार. बारसं झालं. नाव मायरा. पाहुणे त्रेचाळीस. घुगऱ्या उरल्या, दोन डबे फ्रिजमध्ये. उद्या गच्चीवरची टाकी धुणार आहेत, सकाळी नळाला पाणी नाही. पिंप आणि दोन बादल्या भरून ठेवल्या.