दगडफुलाचा जांभळा

मसाल्यासाठी दगडफूल भाजायला घेतलं की मला आमच्या न्हाणीतली बरणी आठवते. खादीचं सूत रंगवणाऱ्या बाबांनी त्यात अमोनियाच्या पाण्यात दगडफूल भिजवलं होतं. दगडफुलातल्या द्रव्याचा जांभळा रंग व्हायला तीन आठवडे तरी लागतात. दुसऱ्याच आठवड्यात बाबांच्या ऑपरेशनची तारीख आली.

"रोज हालवजो माय, पण घाई नोको करू," ते म्हणाले.

त्यांना रंग दाखवायचाच म्हणून मी आदल्या दिवशी ते सगळं चुलीवर उकळलं. सूत तपकिरी निघालं.

ते हातात घेऊन बाबा म्हणाले, "हाच पाह्यजे होता मले."

दवाखान्यातून ते परतले नाहीत. आता मला वेळच वेळ आहे. तरी हात गॅस मोठा करायला जातोच.