लिफ्टने उतरलेल्या महालक्ष्म्या

रविवारी सकाळी जालन्यात आमच्या घरी महालक्ष्म्या आल्या. ऐन आषाढात... भादव्याला अजून अवकाश असताना. तेही पार्किंगच्या छतावरून, मोटारीवर, गुर्रर्र आवाज करत.

आता सगळं नीट सांगते, नाहीतर म्हणाल बाई डोक्यावर पडली.

आमच्याकडे उभ्याच्या महालक्ष्म्या असतात. पितळी मुखवटे, धडासाठी पत्र्याच्या कोठ्या, साड्या, दागिने असा त्यांचा सगळा संसार एका अवजड लोखंडी पेटीत, आणि ती पेटी पार्किंगमधल्या माळ्यावर. गेल्या वर्षी ती उतरवताना सुनीलचा, म्हणजे माझ्या नवऱ्याचा, स्टुलावरून पाय घसरला आणि हात प्लास्टरमध्ये गेला.

सण कसाबसा पार पडला. पेटी परत वर चढली आणि आईंनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, जाहीर करून टाकलं, "पुढच्या साली न्हाई. वाटूरच्या शकूला देऊन टाकते. आपण फोटो पुजू." शकूकाकू त्यांच्या धाकट्या जाऊबाई.

एवढं बोलून आई शांतपणे मेथी निवडायला बसल्या. लग्न होऊन आल्यापासून ज्यांना दरवर्षी स्वतःच्या हाताने साडी नेसवली, त्या देऊन टाकायच्या... मला फार वाईट वाटलं. सुनीलला तर जास्तच, कारण पाय त्याचा घसरला होता.

मग त्याने मनावर घेतलं. छताला टांगायची, बटण दाबलं की खाली-वर होणारी सामानाची लिफ्ट घ्यायची!

हा माणूस मला बघायला आला तेव्हा पोहे संपायच्या आत हो म्हणाला होता. लिफ्टचे मात्र महिनोन्महिने व्हिडिओ बघत बसला. जेवताना मोटार, झोपताना मोटार... मला स्वप्नातसुद्धा वायररोप दिसायला लागले.

जुन्या जालन्यातल्या हार्डवेअरवाल्याने गोदामात लावतात ती साखळीची कप्पी दाखवली. "भाभी, पोतं बराबर उचलते. बिलकुल टेन्शन न्हाई." पण साखळी ओढणार कोण? तो मोडून सांधलेला हात?

ऑनलाईन एक स्वस्तातली सापडली. तिच्या तारा इतक्या बारीक, की मी त्यांच्यावर ओली चादरही वाळत घातली नसती. सुनीलला हवी होती सगळ्यात मोठी, मोटारसायकल उचलणारी. मी विचारलं, घरात एवढं वजनदार आहे कोण? तो माझ्याकडे बघून काही बोलला नाही, यातच त्याचं शहाणपण.

शेवटी संभाजीनगरहून एका एजन्सीचा फिटर माप घ्यायला आला. पेटीचं वजन, स्लॅबची जाडी, खाली गाडी उभी असताना वर किती जागा उरते, सगळं त्याने विचारलं. आई दारात उभ्या राहून ऐकत होत्या. त्यांचा एकच प्रश्न, "लाईट गेल्यावर मंग? मधीच लटकून राह्यल्या तर?"

आमच्या गल्लीतली लाईट काय आम्हाला माहीत नाही? पण त्या व्हिडिओंमध्ये लाईट कधी जातच नाही, त्यामुळे डोक्यातच आलं नव्हतं. त्या प्रश्नावरच लिफ्ट ठरली. लाईट गेली की जागच्या जागी ब्रेक लागणारी, आणि हँडल फिरवून हाताने खाली घेता येणारी.

रविवारी ती बसली. फिटरला ट्रायलसाठी वजन हवं होतं, तर आमच्या उत्साहमूर्तींनी थेट महालक्ष्म्यांच्या पेटीकडे बोट दाखवलं. लिफ्ट माळ्याच्या बरोबरीला नेली, फिटरने शिडीवर चढून पेटी तिच्यावर सरकवली. आई नव्या मशीनची पूजा करायला ताट घेऊन आल्या होत्या... नारळ, उदबत्ती, हळदी-कुंकू.

आमच्या घरची रीत अशी, की सणाला पेटी जमिनीला टेकली की पहिलं हळदी-कुंकू तिला. तिथून महालक्ष्म्या घरी आल्या असं धरायचं.

पेटी डुगडुगली नाही, अडकली नाही, अलगद खाली आली आणि टेकली. आणि आईंचा हात... इतक्या वर्षांची सवय हो! मोटार राहिली बाजूला, हळदी-कुंकू गेलं पेटीवर.

"अगं बया..." आईंनी हात मागे घेतला, पण व्हायचं ते होऊन गेलं होतं.

फिटर बिचारा समजवायला गेला, "काकू, ही तर ट्रायल आहे."

"तुझी ट्रायल असंल. त्या तर आल्या ना? माहेरवाशिणीला उपाशी धाडतेत का?"

झालं! डाळ शिजायला पडली. सुनील फुलं आणायला पळाला. मी शाळेचे पेपर तपासायला काढले होते, ते आनंदाने बाजूला ठेवले. एरवी गुडघ्यांनी हैराण असलेल्या आई स्वयंपाकघरात अशा फिरत होत्या, की मीच त्यांच्या मध्ये मध्ये येत होते. फिटरला दुपारच्या आत परत निघायचं होतं, पण पुरणाचा वास सुटल्यावर त्यानेही घाई सोडली.

पुरण वाटता वाटता आईंनी मला वाटूरला फोन लावायला सांगितला, स्पीकरवर. "शकू, न्हाई देत गं आता. माझ्याकडंच उतरल्या त्या."

पलीकडून शकूकाकू हसत म्हणाल्या, "मी कवा मागितल्या, वहिनी? तुम्हीच देऊन राह्यल्या होत्या!" आई इतक्या हसल्या की डोळ्यांत पाणी आलं. पदराने पुसलं, परत हसल्या.

नैवेद्य झाला, आरती झाली, फिटर तुपात बुडवलेल्या पोळ्या खाऊन तृप्त झाला. मग पेटी परत वर पाठवायची वेळ आली. सुनीलने रिमोट आईंच्या हातात दिला.

आईंनी आधी पेटीला नमस्कार केला, मग बटण दाबलं. पेटी वर जात होती आणि त्या मान वर करून, लेकीला गाडीत बसवून द्यावं तशा आवाजात म्हणत होत्या, "या गं बायांनो... भादव्यात या. मी हाय इथंच."

तेव्हा मात्र मी आणि सुनील दोघंही भिंतीकडे तोंड करून उभे राहिलो.

तर मंडळी, यंदाही आमच्याकडे महालक्ष्म्या उभ्या राहणार आहेत. साडी आईच नेसवणार आहेत. जेवायला नक्की या... आणि देवाचे, त्या फिटरचे आणि माझ्या व्हिडिओवेड्या नवऱ्याचे मनापासून आभार.