शत्रूचं नाक

सगळे त्याला पाचर म्हणत. धंद्याने सुतार. डुगडुगणारी खुर्ची असो की भावाभावांचं भांडण, मधे कुठेतरी एक तुकडा ठोकून तो दोन्ही सावरायचा. नाही म्हणणं त्याला जमत नसे. युद्ध लागल्यावर निधी समितीचे चिटणीस दुकानात आले, तेव्हाही जमलं नाही.

चौकात शत्रूचा लाकडी पुतळा उभा करायचा. निधीला पैसे देईल त्याने हातोडा उचलून त्यात एक खिळा ठोकायचा.

"पण शत्रू दिसतो कसा?"

"मी तरी कुठे पाहिलाय?" चिटणीस हसले. "उग्र कर म्हणजे झालं. मिशा लाव."

त्याने मिशा लावल्या, भुवया जाड केल्या. उरलेला चेहरा हातांनी आपल्या मनाने केला.

पुतळा उभा राहिला, खिळे बसू लागले. एका दुपारी गर्दीत उभं राहून त्याने वर पाहिलं. नाक किंचित डावीकडे कललेलं होतं. ते भाच्याचं नाक होतं. लहानपणी दुकानातल्या बाकावरून पडून मोडलेलं. विधवा बहिणीचा एकुलता एक मुलगा, मामाच्याच घरात वाढलेला. आता तो आघाडीवर होता आणि बरेच दिवस त्याची खुशाली कळली नव्हती.

"नाक जरा सरळ करून देतो," तो चिटणिसांना म्हणाला. "पटाशीचं काम आहे, फार वेळ नाही लागायचा."

"अहो, हात लावू नका! लोक त्या नाकावरच तुटून पडलेत. नाकातल्या खिळ्याचा दर दुप्पट केलाय आपण."

चिटणीस आता त्याला अहो-जाहो करत. वर्तमानपत्रात फोटो आला होता, खाली 'शिल्पकार' असं छापलेलं. कारण सांगायला एक वाक्य पुरलं असतं. ते त्याने गिळलं.

"मलाही एक खिळा ठोकायचाय," ताई घरी म्हणाली. "पोरगं तिकडे उभं आहे. मी निदान एवढं तरी करते."

"गर्दी फार असते गं. तुझा खिळा मी ठोकतो."

"का? माझे हात काय झडलेत?"

रविवारी ती पुतळ्याची पायरी चढली. खालून कुणीतरी ओरडलं, "मावशी, नाकावर! हाणा नाकावर!" हातोडा उचललेला ताईचा हात थांबला. दुसऱ्या हाताचा अंगठा तिने त्या नाकावरून, खिळ्यांच्या डोक्यांवरून, हळूच फिरवला. मग मागे वळून भावाकडे पाहिलं.

"हा कोण रे?"

लोक ऐकत होते. चिटणीस ऐकत होते.

"शत्रू," पाचर म्हणाला.

तिने हातोडा त्याच्यापुढे धरला. "मग मार की."

"वा! खुद्द शिल्पकार!" चिटणिसांनी टाळी वाजवली आणि सगळा चौक वाजवू लागला. पाचर वर चढला. चेहरा टाळून त्याने खांदा निवडला, जणू तिथे कमी दुखणार होतं. खिळा सरळ आत गेला. हात कसबी होता.

ताई कधी निघून गेली ते त्याला कळलं नाही. रस्त्यात ती पुढे दिसली, तेव्हा त्याने पावलं मंद केली. ती वळून पाहील या भीतीने तो घरापर्यंत मागेच राहिला, आणि भेटेल त्याने पाठ थोपटली की मान डोलावत राहिला.