दुसरा टेक

टीव्हीवरच्या माहितीपटांत हातात काळा दगड घेऊन लाव्हारसाबद्दल बोलणारे भूगर्भशास्त्रज्ञ लोहाऱ्यात आमच्या शेजारी राहतात. दिग्दर्शकांना वऱ्हाडी चालत नाही, म्हणून तिथं त्यांना प्रत्येक वाक्य पुन्हा शुद्ध भाषेत बोलावं लागतं. ती सवय घरीही आली.

"नळ आले का जी?" मी विचारायचो.

"कुठं येऊन राह्यले!" मग उजेडाकडे तोंड, केसांवरून हात. "पाणीपुरवठा तूर्तास खंडित आहे."

परवा त्यांची बायको वारली. मी भेटायला गेलो.

"गेली ना बापा," ते म्हणाले.

सवयीनं मी थांबलो. त्यांनी खिडकीकडे तोंड केलं, केसांवरून हात फिरवला, घसा खाकरला.

"गेली ना," ते म्हणाले.