एतेल्काबाईंचा आवाज

युद्धाआधी एतेल्का सेंद्रेई बुडापेस्टच्या रंगभूमीवर नायिका होती. तीन बोलपटही केले होते. नवरा लष्करात कप्तान. तो युद्धात रशियातल्या डॉन नदीकाठच्या बर्फातून परत आलाच नाही. तरी एकावन्न साली, जुन्या राजवटीतल्या कप्तानाची बायको म्हणून, कम्युनिस्ट सरकारनं तिला राजधानीतून हाकललं. दोन वर्षं ती माळरानावरच्या मेंढवाड्यात राहिली, बीट खणत. सुटली, पण बुडापेस्टमध्ये राहायला बंदी. शेवटी केचकेमेत गावच्या नाटकमंडळीत प्रॉम्प्टरचं काम मिळालं.

रंगमंचाच्या पुढच्या कडेला, खाली एक खोपट होतं. त्यात बसून ती रोज इतरांची वाक्यं कुजबुजायची. प्रेक्षकांना ऐकू जाता कामा नये, नटांना गेलंच पाहिजे.

पंचावन्नच्या हिवाळ्यात प्रयोगाच्या दिवशीच आईचं काम करणारी नटी तापानं फणफणली. दिग्दर्शक बोद्नार धावत आला.

"एतेल्काबाई, अख्खं नाटक तुम्हाला पाठ आहे. उभ्या राहा."

"मला रंगमंचावर यायची परवानगी नाही."

"आणलीय. फक्त जाहिरातीत नाव नाही टाकता येणार."

कपडेपटातली रोझीमावशी तिला आईच्या पोशाखात आवळून बांधत म्हणाली, "किती वाळलीस गं! दोन बायका मावतील यात."

"दुसरी कुठून आणू?" एतेल्का हसली.

ती रंगमंचावर आली. पहिलं वाक्य बोलली. समोरचा नट गोंधळून पाहत राहिला. तिला वाटलं, आपण नीट बोललो. मागच्या रांगेतून कुणीतरी ओरडलं, "आवाज!" तिनं जोर लावला. गळ्याच्या शिरा ताणल्या. बाहेर आली ती कुजबुजच.

"आवाज! आवाज!"

पळून जावं असं वाटलं, पण तिनं नाटक तसंच शेवटपर्यंत नेलं. पडदा पडला. रोझीमावशीनं गाठी सोडता सोडता विचारलं, "घसा बसला का गं?"

"नाही," एतेल्का म्हणाली. "घसा चांगला आहे."

दुसऱ्या दिवशी ती पुन्हा खोपटात जाऊन बसली. त्या संध्याकाळबद्दल मंडळीत कुणी अवाक्षर काढलं नाही. तेच तिला जास्त लागलं.

चार वर्षांनी सिनेमावाले गावात आले. बाकावर बसून मटार सोलणारी म्हातारी हवी होती, बोलायचं काही नव्हतं. एतेल्का गेली. दिवसभर उन्हात तिनं मटार सोलले. कॅमेऱ्यासमोर मान कशी धरायची, ते शरीर विसरलं नव्हतं.

सिनेमा लागला तेव्हा ती रोझीमावशीला घेऊन गेली. पडद्यावर बाक आला, परडी आली, शेंगा फोडणारी दोन बोटं आली. लगेच दुसरं दृश्य.

"हात तुझेच होते गं," बाहेर आल्यावर रोझीमावशी म्हणाली. "मी लगेच ओळखले."

एतेल्कानं हातमोजे चढवले. दोघी बसथांब्यावर जाऊन उभ्या राहिल्या.