वरच्या मजल्यावरचा मुलीचा बाप

नांदगाव खंडेश्वरचे भगवंतराव भाजीपाला पिकवतात, पण त्यासाठी त्यांना कोणी ओळखत नाही. त्यांची वांगी बरी असतात, त्यापलीकडे त्या वांग्यांबद्दल बोलण्यासारखं काही नाही. भगवंतरावांची ख्याती आहे ती रुसलेला व्याही उठवण्याची. आमच्या वऱ्हाडात लग्न म्हटलं की नवरदेवाचा बाप रुसणार, हे मांडवाइतकंच ठरलेलं. कधी त्याच्या आत्याला चहा उशिरा मिळालेला असतो, कधी टॉवेल-टोपीतली टोपी आखूड निघते. काहीच सापडलं नाही तर "आमाले कोनी इचारलंच नाई" हे कारण बारमाही असतंच. मग तो वरपक्षाला उतरायला दिलेल्या जानवशाच्या खोलीत गादीवर भिंतीकडे तोंड करून बसतो आणि इकडे मुहूर्त टळायला लागतो. अशा वेळी मुलीकडचे लोक मोटरसायकल पाठवून भगवंतरावांना वावरातून उचलून आणतात.

यात एक नियम आहे आणि तो कोणी मोडत नाही. मुलीच्या बापाने स्वतः समजूत काढायची नसते. त्याने टोपी हातात घेऊन दाराशी उभं राहायचं. बोलायचं ते तिसऱ्याने. भगवंतराव हे तिसरे. ते आत जाऊन व्याह्यापेक्षा खाली बसतात, झालेली चूक कोणाचीही असो ती आपली म्हणतात आणि इतक्या मऊ आवाजात बोलतात की रुसलेल्यालाच शेवटी लाज वाटायला लागते. अमरावतीपासून अकोल्यापर्यंत त्यांनी इतके व्याही उठवले की लग्नपत्रिकेत "प्रेषक" कोण हे न वाचता ते आधी मुलाच्या बापाचं नाव वाचत आणि मान हलवत.

अशा माणसाची स्वतःची मुलगी लग्नाची झाली. अपेक्षा, एकुलती एक, अमरावतीला रक्त तपासण्याच्या लॅबमध्ये कामाला. तिला अकोल्याच्या पंजाबरावांचा शेखर आवडला, शेखरला ती आवडली. शेखर मुंबईत नोकरीला, मुलगा सालस, सगळं जमून आलं. साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, पार पडलं. त्या दिवशी पंजाबराव अजिबात रुसले नाहीत. दोनदा वरण मागून घेऊन जेवले आणि हसत गेले. पाहुणे खूश, बायको रुख्मिणी खूश, पण भगवंतरावांची झोप उडाली. साक्षगंधाला न रुसलेला व्याही म्हणजे पुढे कुठेतरी एकदम बार उडणार, हे त्यांच्याइतकं कोणाला ठाऊक! आणि त्या वेळी बोलायला तिसरा कोण? तिसरा माणूस तर मुलीचा बाप होऊन बसलेला.

लग्नाच्या कपड्यांचा बस्ता आमचे लोक अमरावतीत फाडतात. पंजाबराव म्हणाले, पोरगा राजधानीत असताना बस्ता अमरावतीत कशाला? झालं, दोन्ही घरं मुंबईला. साड्या पाहून पाहून दोघी विहिणींचे पाय सुजले आणि त्या लॉजवर आडव्या झाल्या. उरलेल्यांना शेखरने संध्याकाळी राजधानी दाखवणाऱ्या बसची तिकिटं काढली. दुमजली बस. खालचा मजला बंद, वरचा उघडा, आणि सोबत माहिती सांगणारी गाईड. तिकिटं ऐनवेळी मिळाली म्हणून वरची तीन आणि खालचं एक.

ते खालचं एक कोणाला द्यायचं हे भगवंतरावांनी ठरवलं, आणि इथेच आयुष्यभराची विद्या पाण्यात गेली. पंजाबरावांचे गुडघे दुखतात. खाली जिना नाही, वारा नाही, सीटला जाड गादी. मानाची जागा ती हीच, असं त्यांना मनापासून वाटलं. त्यांनी स्वतःच्या खांद्यावरचा टॉवेल त्या सीटवर अंथरला, पंजाबरावांना हाताला धरून बसवलं आणि पोरांना घेऊन वर गेले. वर जी जागा मिळाली ती पंजाबरावांच्या बरोबर डोक्यावर होती.

बस गेटवेहून निघाली. गाईडचं नाव हर्षा, हातात माइक, आवाज दोन्ही मजल्यांवर जाणारा. विधानभवन आलं. हर्षा म्हणाली, "इथे राज्याचे कायदे होतात." तेवढ्यात भगवंतरावांचा फोन वाजला. खालून पंजाबराव बोलत होते.

"इवाई, तुमी कुठी बसले?"

"तुमच्या वरच, जी. लय मस्त दिसून राहिलं."

"माह्या वर?"

"बरोब्बर वर."

मग पंजाबराव म्हणाले, "म्हंजे पोरीच्या बापाचे पाय माह्या टकुऱ्यावर. बरं हाय." फोन बंद झाला.

तो "बरं हाय" भगवंतरावांनी शंभर मांडवांत ऐकला होता. ते अरुंद जिन्यावरून खाली धावले. पंजाबराव खिडकीच्या काचेकडे तोंड करून बसले होते. मागे घडी केलेला टॉवेल पडला होता, म्हणजे मानसुद्धा परत केलेला. भगवंतरावांच्या ओठांवर शब्द आले आणि त्यांनी ते गिळले. नियम नियम आहे. त्यांनी टोपी काढली आणि उभे राहिले.

"काका, बसमध्ये उभं राहायची परवानगी नाही," कंडक्टर म्हणाला.

"मी उभा नाई राहून राहिलो, बापा. मी पोरीचा बाप हावो."

कंडक्टरला हे पद माहीत नव्हतं. त्याने त्यांना वर पाठवलं. वर जाणं म्हणजे पुन्हा व्याह्याच्या डोक्यावर जाणं, म्हणून भगवंतराव जिन्याच्या मधल्या पायरीवर अडकले आणि मरीन ड्राइव्हचा सगळा झगमगाट त्यांनी तिथून, कोणाच्या तरी चपला पाहत घालवला.

शेखर उतरून बापाकडे गेला. पोराने बापाची समजूत काढणं कोणत्याच रिवाजात बसत नाही, त्यामुळे पंजाबरावांनी त्याला ओळखच दिली नाही. मग भगवंतरावांनी जिन्यातूनच हर्षाला गाठलं आणि हात जोडले. "ताई, तुमी आमच्या कोनीच नाई. म्हून तुमीच बोला. खाली आमचे इवाई रुसले."

हर्षा पोटापाण्यासाठी रोज त्याच इमारतींबद्दल तेच बोलणारी मुलगी. तिला हे नवीन काम आवडलं असावं. ती माइकवर म्हणाली, "आता आपल्या उजव्या हाताला रेल्वेचं भव्य स्थानक आहे. आणि खाली बसलेल्या पंजाबराव काकांना विनंती आहे की त्यांनी राग सोडावा. वरच्या सर्व प्रवाशांची तशी इच्छा आहे."

वरच्या प्रवाशांना यातलं काही कळलं नव्हतं, तरी त्यांनी टाळ्या वाजवल्या. पंजाबराव अजून कडक झाले. आता राजधानीत बोभाटा झाला होता.

कंडक्टरने शहाणपणाची गोष्ट सुचवली, की काकांनी वर यावं आणि यांनी खाली बसावं. पंजाबराव काचेला म्हणाले, "मांगून घेतलेला मान मले नको." बरं, मग भगवंतराव खाली येऊन बसतात, वर दुसऱ्या कोणाला बसवू, कंडक्टर म्हणाला. "अन् माह्या डोक्यावर परका मानूस बसवता?" पंजाबराव म्हणाले. एका पुणेकर बाईंनी विचारलं की परकी माणसं तर आत्ताही वर बसलेलीच आहेत ना? पंजाबराव म्हणाले, "ते परके हायेत, त्याईचं काय घेऊन बसले? परक्याचे पाय मले लागत नाईत." बाईंनी यावर मनापासून विचार केला. एवढं बोलून पंजाबरावांनी असलं वाक्य टाकलं की जिन्यातल्या भगवंतरावांच्या हातातली टोपी खाली पडली. "लगनाचा आता इचारच करा लागन."

जुना टाउन हॉल आला आणि गेला. हर्षा पायऱ्यांबद्दल सांगत होती. भगवंतरावांना एकही पायरी दिसली नाही. पोरीचं मन या मुलात गुंतलं आहे, हे त्यांना माहीत होतं. ती मोबाईलवर बोलताना दाणे निवडायची आणि निवडलेले दाणे पुन्हा कचऱ्यात टाकायची, तेव्हाच त्यांनी ओळखलं होतं. आता आपण एका सीटपायी तिचं लग्न मोडलं, हा विचार त्यांच्या मनातून जाईना.

बस फिरून गेटवेला आली. लोक उतरले. काहींनी जाताना पंजाबरावांना "सोडून द्या काका" म्हटलं. पंजाबराव जागचे हलले नाहीत. ड्रायव्हर मागे वळून म्हणाला, "गाडी डेपोत न्यायची आहे."

"न्या," पंजाबराव म्हणाले. "मी नाई उतरत."

भगवंतराव उरलेल्या पायऱ्या उतरून खाली आले आणि थबकले. उतरणाऱ्यांच्या गर्दीत खाली आलेली त्यांची अपेक्षा पंजाबरावांच्या सीटपुढे, बसच्या फरशीवर बसली होती. सीटपेक्षा खाली. हात जोडलेले. "बाबांचं चुकलं नाई जी, माहंच चुकलं," ती म्हणत होती. "मीच म्हनलं त्याईले वर चला म्हून. तुमी मोठे हा, पोटात घाला." यातलं एक अक्षर खरं नव्हतं. पण आवाज तोच होता, तो मऊ आवाज. मान त्याच बाजूला कललेली. भगवंतरावांनी आयुष्यभर लोकांच्या मांडवात वापरलेलं सगळं कसब त्यांच्या पोरीने न शिकवता उचललं होतं.

त्यांना रडूही आलं आणि रागही आला. राग कोणाचा हे लवकर कळेना, मग कळलं की तो आपलाच. कारण घरात कधी तोंडं फुगली की ही पोरगीच मधे पडायची. हिच्या आईचं आणि आपलं बिनसलं तरी हीच, हिच्या काकांशी बांधावरून वाजलं तरी हीच. ही स्वतः रुसलेली भगवंतरावांना एकदाही आठवेना.

त्यांनी जिन्यात पडलेली टोपी उचलून डोक्यावर घातली, वर गेले आणि आपल्या सीटवर जाऊन बसले.

"बाबा, चला," शेखर खालून म्हणाला.

"मी रुसलो," भगवंतराव म्हणाले.

मग पंजाबरावांचा आवाज आला, आणि गेल्या तासाभरात पहिल्यांदा तो काचेकडे तोंड करून आलेला नव्हता. "कोन रुसलं?"

"पोरीचा बाप रुसला," शेखरने सांगितलं.

"असं कुठी असते काय? पोरीच्या बापाले रुसताच येत नाई!" पंजाबराव उठून उभे राहिले. त्यांच्या सगळ्या आयुष्यात हा घोर प्रकार त्यांनी पाहिला नव्हता. आपण रुसलेलो आहोत हेच ते विसरले. "इवाई, खाली या! हे बरं नाई दिसत!"

ड्रायव्हर, कंडक्टर आणि हर्षा तिघेही खाली उभे राहून वर बघू लागले. हर्षाचं काम संपलं होतं, तरी ती गेली नाही. शेवटी पंजाबराव लोखंडी दांड्याला धरून, प्रत्येक पायरीला "आई गं" करत वर चढले. मागून शेखर आणि अपेक्षा. वर समुद्राचं वारं होतं. भगवंतराव कठड्याकडे तोंड करून बसले होते.

पंजाबराव त्यांच्या शेजारी टेकले आणि बराच वेळ गुडघे चोळत राहिले. त्यांना रुसता छान येत होतं, पण समजूत काढायला ते आयुष्यात कधी गेले नव्हते. काय बोलायचं असतं तेच ठाऊक नव्हतं. अखेर ते म्हणाले, "काय पाह्यजे तुमाले?"

भगवंतरावांना हे आजवर कोणी विचारलं नव्हतं. दुसऱ्यांना विचारायचा प्रश्न होता तो. त्यांनी हळूहळू तोंड वळवलं.

"मले काई नको, जी. मान तुमचा तुमी घ्या, मी खालीच बसतो जल्मभर," ते म्हणाले. आवाज मऊ नव्हता, चिरकला होता. "पन माही पोरगी आता खाली बसली होती तुमच्या पायापाशी. नसलेली चूक कबूल करून राहिली होती. ते तिले मी शिकवलं, न शिकवता. तुमच्या घरी ते कामाले लावू नका. तिले रुसू द्या. अन् थे रुसली त कोनीतरी जाजा तिच्याजवळ. एवढंच."

पंजाबरावांनी खाकरून घसा साफ केला. "आमच्या घरी रुसायचं काम माहं हाय," ते म्हणाले. सवयीने म्हणाले. मग त्यांनी सुनेकडे पाहिलं, पुन्हा गुडघ्यांकडे पाहिलं. "बरं. तिचंबी."

"झालं ना मग? चला आता," शेखर घाईने म्हणाला. "बस डेपोत जाईल."

सगळे उठले. अपेक्षा उठली नाही. ती पुढच्या सीटवर बसली होती, हातातली पर्स मांडीवर घट्ट धरून, समुद्राकडे तोंड करून.

"मी नाई येत," ती म्हणाली. तिला याची सवय नव्हती. "तुमी दोघाईनं मिळून माही अख्खी संध्याकाळ नासली. मले काईच दिसलं नाई."

शेखर पुढे झाला. पण त्याच्या आधी दोन्ही बाप एकदम पुढे सरकले, त्या चिंचोळ्या जागेत एकमेकांत अडकले, आणि मग पंजाबरावांनी भगवंतरावांना हाताने मागे सारलं.

"थांबा, इवाई," ते म्हणाले. "पयले मी जातो." आणि दुखऱ्या गुडघ्यांवर हात देत ते तिच्या सीटपुढे खाली बसले.