साडूंचं चॅपल आणि काचेची पट्टी

कुणाचा जीव देवळात असतो, कुणाचा शेतात, कुणाचा तर गोठ्यातल्या म्हशीत. पण एका शाळेच्या इमारतीत, तेही स्वतः कधी न शिकलेल्या शाळेच्या इमारतीत, जीव गुंतवून बसलेला माणूस आमच्या थोरल्या साडूंखेरीज अख्ख्या हिंगोली जिल्ह्यात सापडायचा नाही. साडू म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान, पाटबंधारे खात्यातले निवृत्त कारकून. हिंगोलीत त्यांच्या घरामागेच एक जुनी शाळा आहे आणि तिच्या आवारात, इथं फौजेची छावणी होती त्या काळातलं, एक छोटं चॅपल. आता तिथं शाळेची सकाळची प्रार्थना होते. भिंती इतक्या जाड, की मे महिन्यातही आत गारवा असतो, म्हणून पोरं त्याला 'थंडा हॉल' म्हणतात. साडूंना ते मुळीच खपत नाही. "चॅपल म्हणावं," ते बजावतात, "हॉल तर लग्नाचा बी असतो."

या चॅपलचा इतिहास त्यांना तोंडपाठ आहे, फक्त तो ऐकणाऱ्याप्रमाणे बदलतो. शेतकरी भेटला तर चुना दळायच्या घाणीला जुंपलेल्या बैलांची गोष्ट निघते, सुगरण भेटली तर त्याच चुन्यात गूळ, बेलफळ आणि उडदाचं पाणी पडतं. मी एकदा धीर करून विचारलं, "दादा, हे कुठं लिहिलेलं आहे का?" तर म्हणाले, "कागद न्हाई सापडत. पण भिंत काय खोटं बोलून राहिली का?" कुणीही पाहुणा आला की चहाच्या आधी चॅपल. त्यांच्या मुलीला बघायला वसमतहून मंडळी आली, तर साडूंनी त्यांना बसस्टँडवरून थेट तिथंच नेलं. मुलाचे वडील हळदीचे व्यापारी. त्यांना टोकदार कमानीखाली उभं करून साडू म्हणाले, "पहा, दोन्ही बाजू एकमेकीला रेटून राहिल्या, म्हणून कुणीच पडत न्हाई. संसार बी असाच." व्यापारी एवढे भारावले की लग्न तिथंच ठरलं, असं साडू सांगतात. भुकेनं जीव कासावीस झाल्यावर माणूस कशालाही हो म्हणतो, असं आमच्या अक्का, म्हणजे साडूंच्या सौभाग्यवती, सांगतात.

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत त्याच कमानीच्या वर एक भेग दिसली. शाळेच्या कमिटीत लगेच बोलणं सुरू झालं, की डोक्यावर काही पडण्याआधी पाडून वर्गखोल्या बांधाव्यात. नांदेडहून एक इंजिनिअर बाई आल्या. त्यांनी भेगेवर आडवी काचेची पट्टी पक्की बसवली आणि म्हणाल्या, "खाली काळी जमीन आहे, उन्हाळ्यात आकसते. भेग वाढत असेल तर काच तडकेल. तडकली तर पाडावंच लागेल."

त्या दिवसापासून साडूंचा इतिहास बंद झाला. मीही वसमतलाच राहतो, तिथून फोन करायचो, "काच?" ते म्हणायचे, "हाय." एवढंच संभाषण. अक्का काळजीत, कारण जेवणातही लक्ष नाही. उन्हाळ्याच्या सुट्टीत पोरं आवारात क्रिकेट खेळायची, तर हे त्या वयात दारात क्षेत्ररक्षणाला उभे. एका दुपारी फोन उचलला गेला नाही, तेव्हा मी घाबरून मिळेल ती एसटी धरली. पाहतो तर साडू चॅपलमध्ये बाकावर बसून भेगेकडे टक लावून. "फोन काहून उचलला न्हाई?" मी त्यांच्याच भाषेत विचारलं. म्हणाले, "बाहेर ऊन लई तापून राहिलं. नजर हलवावी वाटंना."

मिरगाच्या तोंडावर बाई पुन्हा आल्या. शिडीवर चढल्या, काचेवर बोट फिरवलं, आजूबाजूला हातोडीनं ठोकून पाहिलं. खाली आम्ही शिडी धरून. "काच शाबूत आहे," त्या म्हणाल्या. "भेग जुनी आहे. छपराची पन्हळ तुंबून पाणी मुरत होतं. पन्हळ साफ करा, भेग चुन्यानं भरा. पाडायचं कारण नाही."

कमिटीचे अध्यक्ष हसून म्हणाले, "घ्या, वाचलं तुमचं चॅपल." मला वाटलं, आता इतक्या महिन्यांचा तुंबलेला इतिहास फुटणार. पण साडू बाकावर बसले, चष्मा काढला आणि सदऱ्याच्या टोकानं बराच वेळ पुसत राहिले. मी म्हटलं, "दादा, बाईंना सांगा ना बांधकामाचं." तर म्हणाले, "राहू द्या. त्यांना गाडी धरायची असंल." आयता श्रोता त्यांनी हातचा जाऊ दिला, असं मी तरी प्रथमच पाहिलं.

घरी परतताना त्यांनी माझा दंड धरला. छातीवरचं ओझं उतरलेल्या माणसासारखा आवाज होता. "मला एकच भेव होतं," ते म्हणाले, "का ते माझ्याआधी जातंय की काय. आता बराबर झालं. आता जो तो आपल्या नंबरानं जाईल."

त्यांची चाल बरीच मंदावली आहे, हे मला त्या संध्याकाळी कळलं, आणि मीही पावलं लहान टाकायला लागलो.